डोंगरापलीकडे बार उडतो, जमिनीखाली काय होतं?

म्हादईकाठचा

गोव्यातल्या सत्तरी तालुक्यात आमच्या वाड्यामागे डोंगर आहे आणि डोंगरापलीकडे काळ्या दगडाची खाण व क्रशर. गावाचं आणि मालकाचं नाव घेत नाही. विषय पंचायतीत आहे, तो इथे भांडायचा नाही. दुपारी भोंगा होतो, मग सुरुंगाचा बार उडतो. आधी पायाखालून एक हिसका, पाठोपाठ आवाज, आणि कौलं खडखडतात.

ग्रामसभेत तीन तक्रारी आल्या. भिंतींना तडे गेले, विहिरी आताशा फेब्रुवारीतच तळ दाखवतात, आणि देवळाच्या वरच्या अंगाला जांभ्यात खोदलेलं एक जुनं भुयार आहे, त्यातून बारमाही झर येते, तिच्या तोंडाशी दगड सुटलेत. खाणीचा माणूस उठून म्हणाला, "जमिनीखालच्या वस्तूला काही होत नसतं, धक्का वरच लागतो." सभेत हशा पिकला. वरचं घर हलतं आणि जमिनीत गाडलेल्या विहिरीला काही होत नाही, हे कोणाच्याच गळी उतरेना.

मी कॉमर्सवाला. पण घरी येऊन वाचायला लागलो तेव्हा वाटलं की तो माणूस अर्धा बरोबर बोलला असावा, आणि उरलेला अर्धा त्याने सोयीस्कर गिळला असावा. इथे खाणीवर काम केलेले, भूगर्भशास्त्र शिकवणारे, रेल्वेतले लोक आहेत. सुरुंगाने जमीन कशी हलते आणि जमिनीखालच्या बांधकामाला नेमकी कशाची भीती असते, जरा फोड करून सांगा. पुढची ग्रामसभा चवथीच्या आधी आहे.

शंकासुर

फोड कसली करायची? त्या माणसाच्या परसात एक बार उडवा, त्याला आपोआप कळेल.

बारवाला

शंकासुरबाब, शिमगा अजून लांब आहे, तोवर थोडं धीराने घ्या.

माझं आयुष्य डिचोलीच्या पट्ट्यात खाणीवर गेलं, सुरुंग भरण्या-उडवण्याचं सर्टिफिकेट होतं. आधी एक गोष्ट. आपल्याकडे सगळ्या खाणींत बार उडत नाही. चिऱ्याच्या खाणीत कटर चालतो, सुरुंगाचं कामच नाही. लोहखनिज बरंचसं ठिसूळ, ते रिपर आणि पोकलेनने निघायचं, कडक थर लागला तरच बार. काळ्या दगडाला मात्र बाराशिवाय पर्याय नाही.

भोक पाडायचं, तळाशी जिलेटिनची कांडी आणि डिटोनेटर, वर अमोनियम नायट्रेट आणि डिझेल यांचं मिश्रण. वजनाने ९४ भाग नायट्रेट, ६ भाग डिझेल. वरचं तोंड चुरीने ठासून बंद. लोकांना वाटतं, दारूचा सगळा जोर जमीन हलवण्यात जातो. तसं नाही. दगड फोडणं आणि पुढे ढकलणं यात जो जोर खर्ची पडतो तो कामाचा. जो खर्ची पडत नाही तो गावाकडे येतो. म्हणून उलटं गणित लक्षात ठेवा. समोरचा दगड नीट मोकळा करून छान फुटलेला बार गावाला कमी हलवतो. समोर ढिगारा तसाच ठेवून, जास्त जाडीचा दगड एकदम उचलायला गेलात तर दगड फुटत नाही आणि जमीन मात्र हलते. कंजूषपणे पाडलेली भोकं गावाच्या माथी येतात ती अशी.

दुसरी गोष्ट डिले. वीस भोकं असली तरी ती एकाच क्षणी उडवायची नसतात. एका भोकापासून दुसऱ्यात काही मिलिसेकंदांचं अंतर ठेवतात. १७, २५, ४२ मिलिसेकंदाचे डिले बाजारात मिळतात. जुना ठोकताळा असा की ८ मिलिसेकंदांहून जास्त अंतर असलं तर ते दोन बार वेगळे मोजायचे. कानाला एकच धडाका ऐकू येतो, जमिनीला मात्र वीस छोटे धक्के बसतात. "आज किती किलो उडवले" हा प्रश्न त्यामुळे अपुरा. "एका डिलेला किती किलो" हे विचारायचं.

म्हादईकाठचा

बारवालाकाका, आभार. हे "एका डिलेला किती" आणि अंतर यांचं काही सूत्र आहे का? कॉमर्सवाल्याला पेलेल असं.

दगडमाती

सूत्र मी देते. बारवालाकाकांना ते तोंडपाठ असेल, पण त्यांना टाइप करायचा कंटाळा आहे हे ह्या फोरमवर जगजाहीर आहे.

जमिनीचा कण किती वेगाने मागेपुढे होतो ते मिलिमीटर प्रति सेकंदात मोजतात. त्याचं शिखर म्हणजे कणवेग. तो काढायला, बारापासूनचं अंतर मीटरमध्ये घ्या आणि एका डिलेच्या किलोंच्या वर्गमुळाने भागा. येणारी संख्या जितकी मोठी तितकी काळजी कमी. प्रत्यक्ष कणवेगासाठी त्या जागच्या दगडाचे दोन स्थिरांक लागतात, ते त्याच खाणीत मोजून काढायचे असतात. मोजलेले नसतील तर अंदाजापुरते ऑस्ट्रेलियन मानकातले सरासरी आकडे घेतात, ११४० आणि १.६. म्हणजे वरच्या भागाकाराचा १.६ वा घात काढायचा आणि त्याने ११४० ला भागायचं.

तुमच्याकडे अंतर ३०० मीटर धरू, भोकात २५ किलो. वर्गमूळ ५, भागाकार ६०. कणवेग येतो १.६ मिमी प्रति सेकंद. आता तीच वीस भोकं कोणी डिले न लावता एकदम उडवली तर ५०० किलो एकाच क्षणी. कणवेग जवळजवळ १८. दारू तीच, दगड तोच, गावाला बसलेला धक्का अकरापट.

खाण सुरक्षा महासंचालनालयाचं १९९७ चं परिपत्रक आहे. त्यात दुसऱ्याच्या मालकीच्या घरांसाठी मर्यादा दिली आहे. कंपनाची वारंवारता ८ हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला आठ हेलकाव्यांच्या, खाली असेल तर ५ मिमी प्रति सेकंद, ८ ते २५ मध्ये १०, त्यावर १५. ऐतिहासिक आणि नाजूक वास्तूंना अनुक्रमे २, ५, १०. वारंवारता का आली? एक-दोन मजली घर साधारण ४ ते १२ हर्ट्झला स्वतःहून डोलतं. जमीन त्याच ठेक्यात हलली की घर तिच्यापेक्षा जास्त हलतं, कोपऱ्याशी चारपटीपर्यंत मोजलं गेलं आहे. कडक दगडातून जवळून येणारी लाट उंच वारंवारतेची असते. मातीच्या जाड थरातून लांबून आलेली लाट मंद आणि लांबलेली. म्हणून कधीकधी खाणीला चिकटलेल्या घरापेक्षा पलीकडच्या भाटात, गाळाच्या जमिनीवरचं घर जास्त कुरकुरतं.

आता तुमचा मूळ प्रश्न, जमिनीखाली काय. घागर डोक्यावर घेऊन चालणारी बाई अडखळली तर घागर डुचमळते, पडते. तीच घागर तळ्यात बुडवून ठेवली असेल तर पाण्याबरोबर हलेल, फुटणार नाही. घर डोक्यावरच्या घागरीसारखं. विहीर, बोगदा, गाडलेला नळ हे बुडालेले. चहूबाजूंनी दगडाने धरलेले, त्यांना स्वतःचा ठेका धरायला जागाच नाही. शिवाय खालून वर येणारी लाट उघड्या पृष्ठभागाशी पोचली की तिथला कण जवळपास दुप्पट हलतो, कारण वर त्याला दाबणारं काही नसतं.

पण "खोल आहे म्हणून सुरक्षित" हे अर्धसत्य. पृष्ठभागावरून धावणारी लाट खोलीबरोबर विरते खरी, पण विरायला तिच्या स्वतःच्या लांबीएवढी खोली लागते. वेग सेकंदाला १००० मीटर आणि वारंवारता १० हर्ट्झ असेल तर लाटेची लांबी १०० मीटर. तुमची विहीर असेल दहा-बारा मीटर. खोली तिला वाचवत नाही, तिला वाचवतो भोवतालचा दगड. तो दगड अखंड असेल तर.

शंकासुर

वा! म्हणजे १.६ म्हटलं की झालं, गावाने गप्प बसायचं. क्रशरवाल्यांचं वकीलपत्र इथेच घ्यायचं होतं का बाईंनी? आमच्या घरात बार उडाला की छातीत धडधडतं, देव्हाऱ्यातली समई हलते. ते काय खोटं?

दगडमाती

खोटं कोण म्हणतंय? माणसाच्या अंगाला अर्धा मिलिमीटर प्रति सेकंदसुद्धा कळतो. आपण फार संवेदनशील यंत्र आहोत. भिंतीला तडा जायला त्याच्या कितीतरी पट लागतं. अमेरिकेच्या खाण ब्युरोने राहत्या घरांवर मोजमापं केली होती. दार जोरात आपटल्यावर भिंतीवर पडणारा ताण साधारण १२ मिमी प्रति सेकंदाच्या कंपनाएवढा आला. ऊन-पावसाने भिंत फुगते-आक्रसते त्याचा ताण याहूनही मोठा. जांभ्याच्या घराने तर चार महिने पाणी प्यायलेलं असतं. तेव्हा तडा दिसला की तो बारानेच गेला असं नाही. आणि बाराने गेलाच नाही असंही नाही. मोजल्याशिवाय दोघांनीही छाती ठोकू नये, एवढंच माझं म्हणणं.

बारवाला

समई हलते ती बहुतेक हवेने. जमिनीतली लाट आधी पोचते, हवेतली मागून. कौलं, खिडक्या, दारं वाजवते ती हवेतली. तुमच्याच वर्णनात आहे, आधी हिसका, मग आवाज आणि कौलं. सकाळी दरीत गारवा साठून वर गरम हवा असेल तर आवाज वर न जाता वाकून गावात उतरतो. ढग खाली असले तरी तेच. म्हणून बार भर दुपारी उडवायचा असतो. कोणी सकाळी सातला उडवत असेल तर तेवढ्यावरसुद्धा तक्रार करता येईल.

आणि खरं सांगू, मी इतकी वर्षं ज्याला भ्यालो ते कंपन नव्हेच, तो उडणारा दगड. माणूस मरतो तो त्याने.

रुळावरचा

कोकण रेल्वेत ट्रॅकवर होतो, बोगद्यांचं बोलतो.

करबुड्याचा बोगदा, रत्नागिरीजवळचा, साडेसहा किलोमीटर, सगळा काळ्या कातळात. तिथे सुरुंग लावूनच पुढे सरकले. विचार करा, बोगद्यात बार उडतो तेव्हा मागची भिंत त्यापासून हाताच्या अंतरावर असते. शेकडो मिमी प्रति सेकंद रोज खाते आणि उभी राहते. स्वीडनमध्ये झालेल्या जुन्या अभ्यासातून आलेले आकडे आजही वापरतात. अस्तर नसलेल्या बोगद्यात सुटे दगड पडायला साधारण ३०० मिमी प्रति सेकंद, अखंड दगडात नवी चीर जायला ६००. घरांच्या ५-१०-१५ शी ताडून बघा. खाणीच्या माणसाचं वाक्य इथून आलेलं आहे.

आता पेडण्याचा बोगदा घ्या. दीडेक किलोमीटर, म्हणजे करबुड्याच्या पासंगालाही नाही. पण चिकण मातीत. तिथे सुरुंगाचा उपयोगच नव्हता, इंच इंच खोदायचं आणि वरून माती यायची. रेल्वे १९९८ ला सुरू झाली त्याआधी ह्या बोगद्याने सगळ्यांना रडवलं. २०२० च्या ऑगस्टात आतली भिंत कोसळली, २०२४ च्या जुलैत पाणी आणि चिखल रुळावर आला, गाड्या वळवाव्या लागल्या. दोन्ही वेळा पाऊस. बार नाही, भूकंप नाही. एक थेंब दारू न लावता पडलेला बोगदा हा, आणि रोज दारू खाऊन उभा राहिलेला तो.

म्हणून माझ्या मते ग्रामसभेत प्रश्न चुकीच्या टोकाने आलाय. धक्का किती, हे दुसरं. दगड कसला आणि त्यात पाणी किती, हे पहिलं.

आबोली

थोडं अवांतर, पण जमिनीखालच्या वास्तूंवर मुद्दाम धक्का देण्याचा विचार युद्धात झाला होता. बार्न्स वॉलिस ह्या इंग्रज अभियंत्याने बॉम्ब इमारतीवर न टाकता शेजारच्या जमिनीत खोल घुसवून फोडायची कल्पना मांडली. हवेत फुटला की जोर वाया जातो, जमिनीत फुटला की माती तो धरून ठेवते आणि खालून पायाच उखडतो. जून १९४४ मध्ये फ्रान्समधल्या सोम्यूरच्या रेल्वे बोगद्यावर असे साडेपाच टनांच्या आसपासचे बॉम्ब टाकले. त्यातला एक सुमारे १८ मीटर डोंगर भेदून बोगद्यातच फुटला.

दुसरं, पोखरण. ११ आणि १३ मे १९९८ च्या चाचण्यांनंतर जवळच्या खेतोलई गावातल्या घरांना आणि पाण्याच्या टाक्यांना तडे गेल्याच्या बातम्या तेव्हा आल्या होत्या. तिथे तर जमिनीखालच्या टाक्यासुद्धा आहेत. मग "खाली काही होत नाही" कसं?

दगडमाती

चांगला प्रश्न आणला. पोखरणची तुलना खाणीच्या बाराशी होत नाही, तो जगातल्या भूकंपमापकांवर पाचच्या वरचा भूकंप म्हणून उमटला. एवढ्या मोठ्या स्फोटाची लाट मंद आणि लांब असते, तिथे मर्यादेचे सगळे आकडे वेगळे.

पण टाकीचं जे म्हणताय ते महत्त्वाचं. चुन्या-सिमेंटची टाकी सैल मातीत पुरलेली असते. जमीन किती ताणली जाते हे काढायला कणवेगाला लाटेच्या वेगाने भागायचं. कणवेग १० मिमी आणि लाट सेकंदाला २००० मीटरने जाणारी, म्हणजे कडक जागा, तर दहा मीटर लांबीमागे ताण ०.०५ मिमी. काही नाही ते. तीच लाट सैल मातीत ३०० मीटरने जात असेल तर ताण जवळपास सातपट. तिथे आधीच कुठे पाया खचला असेल, सांधा कच्चा असेल, तर चीर जाते. म्हणजे पुरलेली वस्तू कशात पुरली आहे, यावर सगळं.

नळांचंही तसंच. जाड पोलादी आणि चांगल्या पीव्हीसी नळांना अमेरिकन खाण ब्युरोने मोठ्या बारांच्या शेजारी गाडून पाहिलं आणि १२५ मिमी प्रति सेकंदापर्यंत सुरक्षित ठरवलं. आणि आपल्याकडे? २०१९ च्या ऑगस्टात केरये-खांडेपारला जमीन खचून मुख्य जलवाहिन्या फुटल्या आणि पणजी कित्येक दिवस टँकरवर होती. नुसत्या हलण्याने नळ फुटत नाही. जमीन सरकली आणि परत जागेवर आली नाही की फुटतो.

स्फोटाने भुयाराला इजा होते तिची तऱ्हा मात्र निराळी. लाट दगडातून येते ती दाब घेऊन. भुयाराच्या पोकळीशी पोचली की पुढे दगड नाही, ती उलटते आणि ताण होऊन मागे फिरते. दगड दाबाला चिवट, ताणाला त्याच्या दहाव्या हिश्श्याएवढाच. मग पोकळीच्या बाजूची साल सुटते. खाणीत दगड पुढच्या बाजूने फुटतो तो ह्याच न्यायाने. त्यामुळे भुयाराचं छत आणि बाराकडची भिंत हे दोन भाग बघायचे, आणि तोंड. तोंडाशी दगड तीन बाजूंनी उघडा, ऊन-पाऊस खाल्लेला, मुळं शिरलेली. आतलं भुयार ठणठणीत आणि तोंडाचे दगड सुटलेले, असं पुष्कळदा असतं.

म्हादईकाठचा

आमच्या झरीचं वर्णन ह्याच्याशी जुळतंय. आत जाऊन आलेले म्हणतात, आत काही पडलेलं नाही. सगळं तोंडाशीच. आणि विहिरींचं?

दगडमाती

विहिरींवर जरा सविस्तर लिहिते, कारण सगळ्यात जास्त गैरसमज इथे आहे, दोन्ही बाजूंनी.

आपल्याकडचा नेहमीचा छेद असा. वर जांभा, भोकाभोकांचा, पावसाचं पाणी शोषून घेणारा. त्याखाली पांढरट-तांबूस चिकण माती, जी पाणी अडवते. खाली मूळ खडक, सत्तरीत कुठे जुना बेसाल्टी खडक, कुठे शिस्ट, म्हणजे पापुद्र्यांचा खडक. विहीर बहुधा जांभ्यातून चिकणीपर्यंत जाते आणि जांभ्यात साठलेलं पाणी पिते. तुमची झरही त्याच सांध्यावर फुटलेली असणार.

अमेरिकेत अॅपलाचियन डोंगरांत १९८० च्या सुमारास खाणींजवळच्या विहिरींवर मुद्दाम मोजणी करून बार उडवले. ५० मिमी प्रति सेकंदापर्यंत विहिरीची रचना आणि पाण्याची आवक बिघडली नाही. पाणी थोडा वेळ गढूळ झालं, बसलं. पण पातळी खाली गेली ती कधी, तर खाणीचा खड्डा जवळ सरकत आला तेव्हा. डोंगराचा भार निघाला, फटी उघडल्या, पाणी खड्ड्याकडे वळलं. म्हणजे विहीर आटवली बाराच्या हिसक्याने नव्हे, खड्ड्याने.

डिचोली-सांग्यात हे आपण वेगळ्या रूपात पाहिलंच आहे. खंदक भूजलाच्या पातळीखाली गेले, रात्रंदिवस पंप चालले, आणि शेजारच्या वाड्यांत टँकर आले. त्या विहिरींना किती मिमी प्रति सेकंद कंपन होतं याने काय फरक पडला असता?

आता खाणीचा माणूस जे गिळून बसलाय ते हे. "धक्क्याने विहिरीला काही होत नाही", ठीक. "खाणीने विहिरीला काही होत नाही" हे त्याने सिद्ध केलेलं नाही. दोन्ही वाक्यं एका दमात म्हटली की ऐकणाऱ्याला एकच वाटतात.

शंकासुर

आता कसं! ही गोष्ट आधी सांगितली असती तर वकीलपत्राचं बोललो नसतो.

बारवाला

बाईंनी तेच पहिल्यापासून सांगितलं, तुम्ही शिंगं सावरण्यात होता.

एक भर. बाराचा धूर आणि वायू फटीतून लांब जातो. भोकाचं तोंड नीट ठासलं नाही किंवा दगडात मोठी भेग असली तर वायू तिच्यात शिरून ती पाचरीसारखी उघडतो. हे कंपनयंत्रावर दिसत नाही. पण ह्याचा पल्ला बारापासून काही मीटर, तीनशे मीटर नव्हे. भुयार खाणीच्या हद्दीला चिकटून असेल तरच.

काणकोणची

वाचतेय सगळं. आमच्याकडे घराचं काम चालू आहे, पुढच्या टेकडीवर रस्त्यासाठी कातळ फोडतायत. स्लॅब घालायचा की थांबायचं?

रुळावरचा

ताई, ताजं काँक्रीट पहिले तीन-चार तास बरंच सोसतं, ते अजून पातळ असतं. नंतर आवळायला लागतं तेव्हापासून पहिला दिवसभर ते सगळ्यात नाजूक. कंत्राटदाराला बाराची वेळ विचारा, त्यांचा बार होऊन गेल्यावर त्याच दुपारी स्लॅब घाला आणि दुसऱ्या दिवशी बार टाळायला सांगा. बोगद्यात अस्तराच्या बाबतीत आम्ही हेच पाळायचो.

आबोली

हरवळ्याच्या, खांडेपारच्या, रिवणच्या लेण्यांचं काय? तीही जांभ्यातलीच. बोगद्याचे ३०० मिमी लावायचे की वास्तूचे २?

दगडमाती

२-५-१० चे, डोळे झाकून. बोगद्याचा आकडा अखंड कातळातल्या, डोंगराच्या पोटातल्या पोकळीचा. लेण्यांत दर्शनी भाग उघडा, मधे बारीक खांब, छत काही ठिकाणी पातळ, आणि जांभा शतकानुशतकं झिजलेला. भूगर्भात आहे म्हणून तिला बोगदा म्हणायचं कारण नाही. तुमच्या गावच्या झरीच्या भुयारालाही मी हाच गट मागितला असता, निदान तोंडाच्या भागासाठी. ते कोणी कधी खोदलं हे कागदावर नसलं तरी नाजूक वास्तू म्हणून मागता येतं.

म्हादईकाठचा

सगळ्यांचं वाचून ग्रामसभेसाठी मी असं मांडणार आहे. तडे, विहीर आणि झर ह्या तीन वेगळ्या तक्रारी, त्या एकत्र बांधायच्या नाहीत. तड्यांसाठी डिलेचं वजन आणि कंपनाच्या नोंदी मागायच्या. विहिरींसाठी खड्ड्याची खोली, पंपाचे तास, आणि आमच्या विहिरींची पातळी दर महिन्याला मोजायची, ती आम्हीच मोजू, दोरीला दगड बांधून. झरीच्या तोंडाला नाजूक वास्तूची मर्यादा. काही सुटलं का?

शंकासुर

सुटलं. कागद मागायचे कोणाकडे, ते सांगा. खाणवाला म्हणेल उद्या देतो.

बारवाला

बार उडवणाऱ्याला नोंदवही ठेवावीच लागते. खाण सुरक्षावाल्यांचं विभागीय कार्यालय मडगावात आहे, त्यांच्याकडे अर्ज करा. खाणीचा परवाना आणि हद्द पणजीला खाण व भूगर्भ संचालनालयाकडे. स्फोटकांच्या साठ्याचं खातं वेगळं, ते पेसोकडे, म्हणजे केंद्राच्या पेट्रोलियम व स्फोटक सुरक्षा संघटनेकडे. तिघांना एकच पत्र पाठवू नका, तिघेही एकमेकांकडे बोट दाखवतील. ज्याचं त्याला, वेगळं.

कंपनयंत्र गावात लावायला सांगाल तेव्हा जागा तुम्ही ठरवा. खाणवाले बहुधा कार्यालयाच्या ओट्यावर ठेवतात, सिमेंटची लादी आणि सावली असते म्हणून. यंत्र तक्रारीच्या घराच्या पायाजवळ, बाराकडच्या बाजूला, जमिनीत पुरून किंवा पक्कं चिकटवून ठेवायचं. नुसतं गवतावर ठेवलं तर ते जमिनीचं नाही, स्वतःचंच हलणं मोजतं. दुसरं यंत्र झरीच्या तोंडाशी. कागदावर नुसता कणवेग घेऊ नका, त्याशेजारी वारंवारता छापलेली हवी, नाहीतर ५ ची मर्यादा लावायची की १५ ची हे ठरतच नाही. आणि त्या दिवशीचा बार नेहमीएवढाच आहे ना, ते बघायला तुमचा एक माणूस भोकं भरायच्या आधी वर उभा करा. यंत्र आलं की बार लहान होतात, हे मी खाणीच्या चाळीस फूट उंच पायरीवरून पाहिलेलं आहे.

काणकोणची

माणूस उभा करू देतील का ते वर?

बारवाला

भरताना आत सोडणार नाहीत, आणि सोडूही नये. भोकं पाडून झाल्यावर, दारू यायच्या आधी जाऊन मोजा. भोकं किती, खोली किती, दोन ओळींत अंतर किती. तेवढ्यावरून मी इथे बसून तुम्हाला सांगतो एका भोकात किती किलो मावतात. फोटो टाका धाग्यावर.